संगणकाचा पहारेकरी जागा आहे ना?

कॅडेट मित्रांनो, सुट्टीवर घरी गेलात की पहिल्या दोन-तीन दिवसांत एक काम तुमच्याकडे येतेच : "अरे, कॉम्प्युटर फार हळू चालतोय, जरा बघ ना." तुम्ही बघता, तर खाली उजव्या कोपऱ्यातल्या ढालीच्या चिन्हावर लाल फुली असते. काही जण तिकडे लक्षच देत नाहीत. थोडे जाणते असतात ते बटण दाबून फुली घालवतात आणि काम झाले असे समजतात. पण चौकीवरचा संत्री जागेवर नसेल, तर आपण फक्त दुसरा उभा करून परत येत नाही. पहिला कुठे गेला, याचीही चौकशी करतो. संगणकाच्या बाबतीतही तेच करायचे आहे.

जबलपूरमधल्या आपल्या अनेक घरांत कोणी सैन्यात आहे, कोणी गन कॅरेज फॅक्टरीत, कोणी व्हेईकल फॅक्टरीत, तर कोणी खमरियाच्या आयुध निर्माणीत. कामाच्या ठिकाणची माहिती घरच्या संगणकावर ठेवायची नसते, हे सर्वांना ठाऊक आहे. तरीही घरच्या संगणकात बँकेचे पासवर्ड असतात, आधार आणि पॅनच्या प्रती असतात, प्रवेश अर्ज आणि कुटुंबाचे फोटो असतात. एवढे एखाद्या भामट्याला पुरेसे आहे.

पहारेकरी मुळात कोण?

व्हायरस ही काही आजची गोष्ट नाही. लाहोरमध्ये तयार झालेला 'ब्रेन' हा व्हायरस १९८६ पासून फ्लॉपीतून जगभर पसरला. पुण्यात कैलास काटकर संगणक दुरुस्तीचे काम करत. दुरुस्तीला येणाऱ्या यंत्रांत व्हायरस सापडू लागले, तेव्हा त्यांचे धाकटे बंधू संजय यांनी ते साफ करणारे प्रोग्रॅम लिहिले. त्यातूनच १९९५ च्या सुमारास 'क्विक हील' उभे राहिले. त्या काळी अँटिव्हायरस वेगळा विकत घ्यावा लागे. २०१२ मध्ये विंडोज ८ आले, तेव्हापासून मात्र 'डिफेंडर' हा पूर्ण अँटिव्हायरस विंडोजमध्येच असतो. त्याला वेगळे पैसे पडत नाहीत.

चालू आहे का, कसे पाहावे?

स्टार्टवर क्लिक करून 'विंडोज सिक्युरिटी' असे टाइप करा आणि ते उघडा. 'व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन'मध्ये जा. तिथे 'मॅनेज सेटिंग्ज' उघडले की 'रिअल-टाइम प्रोटेक्शन' दिसेल; ते 'ऑन' हवे. त्याच पानावर 'टॅम्पर प्रोटेक्शन' असते, तेही 'ऑन' ठेवा. एखादा प्रोग्रॅम गुपचूप डिफेंडरच्या सेटिंग्ज बदलू पाहील, तर त्याला हे अडवते.

बंद असेल तर : चार प्रश्न

१) दुसरा अँटिव्हायरस आहे का? बंद असण्याचे हे सर्वांत साधे कारण. एका चौकीवर दोन संत्री एकमेकांनाच अडवत बसतील, म्हणून दुसरा अँटिव्हायरस बसवला की डिफेंडर आपणहून बाजूला होतो. तो दुसरा चालू आणि अद्ययावत असेल, तर काळजी नको. पण नव्या लॅपटॉपसोबत काही महिन्यांसाठी मोफत आलेला अँटिव्हायरस मुदत संपूनही तसाच पडून राहतो. नावाला पहारा आहे, पण पहारेकरी झोपलेला! असे असेल तर घरच्यांना विचारून एकतर त्याचे नूतनीकरण करा, नाहीतर 'सेटिंग्ज'मधील 'ॲप्स'मधून तो काढून टाका आणि संगणक रीस्टार्ट करा. डिफेंडर सहसा आपोआप पुन्हा कामावर येतो.

२) तारीख बरोबर आहे का? जुन्या डेस्कटॉपमधील मदरबोर्डवरचा छोटा सेल संपला की घड्याळ काही वर्षे मागे जाते. तारीख चुकली की सुरक्षित संकेतस्थळांशी जोडणी होत नाही आणि अपडेट अडकते. आधी तारीख-वेळ नीट करा, मग 'प्रोटेक्शन अपडेट्स'मध्ये 'चेक फॉर अपडेट्स' दाबा. तारीख वारंवार मागे जात असेल, तर सेल बदलून घ्या.

३) बटण हलतच नाही का? "ही सेटिंग तुमच्या ॲडमिनिस्ट्रेटरच्या ताब्यात आहे" अशा अर्थाचा इंग्रजी संदेश कधी कधी दिसतो. शाळेच्या प्रयोगशाळेत तो दिसला तर काही बिघडलेले नाही. ती व्यवस्था मुद्दाम केलेली असते. तिथे हात न लावता प्रशिक्षकांना सांगा. घरच्या संगणकावर मात्र असा संदेश दिसणे चांगले लक्षण नाही. कोणत्या तरी प्रोग्रॅमने विंडोजच्या धोरणात बदल केलेला असू शकतो.

४) पहारेकऱ्याला कोणी हटवले? सर्वांत महत्त्वाचा प्रश्न हाच. फुकटात मिळालेला 'क्रॅक' गेम किंवा विंडोज 'ॲक्टिव्हेट' करणारे चोरटे साधन बहुतेक वेळा एकच सूचना देते : "आधी अँटिव्हायरस बंद करा." म्हणजे चोर स्वतःच सांगतो की संत्र्याला जेवायला पाठवा! म्हणून 'मॅनेज सेटिंग्ज'मध्ये खाली 'एक्स्क्लूजन्स' उघडून पाहा. तिथे नोंदवलेले फोल्डर डिफेंडर तपासत नाही. कोणी टाकले ते घरात कुणालाच सांगता येत नसेल, तर ती नोंद काढून टाका. 'प्रोटेक्शन हिस्टरी'मध्ये आधी काय पकडले होते, तेही वाचा.

मग तपासणी

पहारा पुन्हा सुरू झाला की आत कोणी शिरले आहे का, ते पाहायचे. महत्त्वाच्या फाइलींची प्रत नसेल, तर आधी ती काढा. मग 'स्कॅन ऑप्शन्स'मधून 'फुल स्कॅन' चालवा. याला काही तास लागू शकतात. शंका राहिली तर 'मायक्रोसॉफ्ट डिफेंडर ऑफलाइन स्कॅन' निवडा. यात संगणक रीस्टार्ट होतो आणि विंडोज सुरू होण्याआधी तपासणी होते, त्यामुळे लपून बसलेल्या व्हायरसला हालचालीची संधी मिळत नाही. साधारण पंधरा मिनिटे लागतात. उघडे काम आधी सेव्ह करा. एवढे करूनही बटण बंदच राहिले, तर जाणकाराकडून विंडोज नव्याने बसवून घेणे शहाणपणाचे. तोपर्यंत त्या संगणकावर बँकेचे व्यवहार करू नका आणि पासवर्ड दुसऱ्या, सुरक्षित उपकरणावरून बदला.

अपडेटचा आळस नको

मे २०१७ मध्ये 'वॉनाक्राय'ने जगभरातल्या लाखो संगणकांमधील फाइली कुलूपबंद करून खंडणी मागितली. ब्रिटनमधल्या रुग्णालयांचे कामही कोलमडले. ज्या त्रुटीतून तो शिरला, तिची दुरुस्ती मायक्रोसॉफ्टने मार्चमध्येच दिली होती. ज्यांनी ती बसवली नव्हती, ते सापडले. विंडोज १० ची नेहमीची मोफत अपडेट्स १४ ऑक्टोबर २०२५ रोजी थांबली आहेत. घरचा संगणक विंडोज ११ पेलू शकतो का, की मुदतवाढीची अपडेट्स घ्यावीत, हे पालकांसोबत बसून ठरवा.

पालकांना एक विनंती : मुलांनी गेमसाठी काही बसवले असेल, तर रागावण्याआधी विचारा. ओरडा बसेल या भीतीने मूल गप्प राहते आणि तेवढ्या वेळात नुकसान वाढते. खात्यातून पैसे गेलेच, तर वेळ न दवडता १९३० या राष्ट्रीय मदत क्रमांकावर आणि बँकेला कळवा.

कॅडेट मित्रांनो, या सुट्टीत घरच्या संगणकाची ही पाहणी तुमच्याकडे. पाच मिनिटांत ढाल बघा, फुली असेल तर चारही प्रश्नांची उत्तरे शोधा, आणि काय आढळले ते आई-वडिलांना नीट समजावून सांगा. पुढच्या वेळी तुम्ही वसतिगृहात असाल, तेव्हा ही पाहणी त्यांनाच करायची आहे.