ॲबट्वार म्हणा, बिनधास्त!

देवनारला राहतो म्हटलं की समोरचा हमखास विचारतो, ‘म्हणजे कत्तलखान्याजवळ का?’ हो, तोच! १९७१ पासून इथे असलेल्या या कत्तलखान्यानं आमच्या एरियाला एक भारी इंग्रजी शब्द दिलाय. स्पेलिंग ए-बी-ए-डबल टी-ओ-आय-आर. कुणी त्याला ‘अबॅटॉयर’ म्हणतं, कुणी ‘अबाटर’. खरा उच्चार ‘ॲबट्वार’. शब्द मूळचा फ्रेंच, ‘खाली पाडणं’ या क्रियापदावरून आलेला. म्हणून शेवटच्या ‘ओ-आय-आर’चा ‘वार’ होतो.

आता खरी गोची. असे शब्द आपल्याला वाचून माहीत असतात, अर्थही ठाऊक असतो. पण मीटिंगमध्ये तोंडातून काढायची वेळ आली की आपण गप्प. कॉन्व्हेंटवाले हसतील ना! मग आपलाच मुद्दा शेजारचा मांडतो आणि टाळ्या घेतो.

पण गोऱ्या साहेबानं काय केलं बघा. नाशिकजवळच्या देवळालीत ब्रिटिश सैनिक मायदेशी जाणाऱ्या बोटीची वाट बघत महिनोन् महिने पडून असायचे. उकाडा, रिकामपण, डोक्याला ताप! ‘देवळाली’ म्हणता येईना, म्हणून झालं ‘डूलॅली टॅप’. हा ‘टॅप’ म्हणजे आपला ‘ताप’च. आज ‘डूलॅली’ म्हणजे डोकं फिरलेला, आणि शब्द थेट डिक्शनरीत! आपल्या मुंगसाचंही त्यांनी ‘माँगूस’ केलं. मोहरममधला ‘या हसन, या हुसेन’चा घोष त्यांच्या कानांना ‘हॉब्सन-जॉब्सन’ असा ऐकू आला, आणि १८८६ साली याच नावाचा अँग्लो-इंडियन शब्दांचा जाडजूड कोश निघाला. लाज? छे!

तेव्हा उच्चार जरूर शिका, पण चुकण्याच्या धाकानं गप्प बसू नका. उच्चार चुकला याचा अर्थ एवढाच, की तो शब्द तुम्ही ऐकून नाही, वाचून मिळवलाय.

सोमवारच्या मीटिंगसाठी चार शब्द :

सेग्वे (एस-ई-जी-यू-ई) : एका विषयावरून दुसऱ्यावर अलगद सरकणं. ‘सेग’ नव्हे.

हायपर्बली : अतिशयोक्ती. ‘हायपरबोल’ नव्हे.

इपिटमी : एखाद्या गुणाचा अस्सल नमुना. ‘एपिटोम’ नव्हे.

अराय (ए-डब्ल्यू-आर-वाय) : बिनसलेलं, फिसकटलेलं. ‘ऑरी’ नव्हे.

आणि तरीही कुणी हसलंच, तर त्याला एकदा ‘देवळाली’ म्हणायला सांगा. ‘ळ’सकट!