तीस पिढ्या, एकशे सात कोटी पूर्वज

नवी मुंबईतल्या उलव्यात नव्या टॉवरच्या एकाच मजल्यावर, संपादित जमिनीच्या बदल्यात सिडकोने दिलेल्या साडेबारा टक्क्यांच्या भूखंडातून घर मिळालेलं आगरी कुटुंब असतं, शेजारी साताऱ्याचं, समोर जळगावचं. तिघांचं एकमेकांशी नातं किती?

आकडेमोड सोपी आहे. आई-वडील दोन, आजी-आजोबा चार, त्यांच्या मागे आठ. दहा पिढ्या मागे १,०२४ पूर्वज, वीस पिढ्या मागे साडेदहा लाखांच्या आसपास आणि तीस पिढ्या मागे १०७ कोटी. पिढी पंचवीस वर्षांची धरली, तर हा ज्ञानेश्वरांच्या जन्माचा काळ. तेव्हा अख्ख्या जगाची लोकसंख्या ४० कोटींच्या आसपास होती! म्हणजे तीच माणसं वंशावळीत पुन्हा पुन्हा येतात. लग्नं जातीतच होत राहिली, की आणखी कितीतरी जास्त वेळा येतात.

जातीबाहेरच्या लग्नांची दारं बंद कधी झाली, हेही डीएनएत सापडतं. पश्चिम बंगालमधल्या कल्याणीच्या जनुकशास्त्र संस्थेत पार्थ मजुमदार आणि सहकाऱ्यांनी २०१६ साली दाखवलं, की उच्चवर्णीय समाजांचं इतरांत मिसळणं सुमारे ७० पिढ्यांपूर्वी, गुप्तकाळाच्या सुमारास, थांबलं. ७० वेळा दुप्पट करत गेलं, तर एकावर एकवीस शून्यांहून मोठा आकडा येतो. पुढच्याच वर्षी दक्षिण आशियातल्या २६३ समाजांचा अभ्यास प्रसिद्ध झाला. त्यातले ८१ समाज, मोजक्या पूर्वजांतून वाढलेले म्हणून ओळखल्या जाणाऱ्या फिनलंडच्या लोकांपेक्षाही कमी मूळ पूर्वजांतून वाढलेले निघाले आणि त्यातल्या १४ समाजांची लोकसंख्या दहा लाखांच्या वर! मूळ पूर्वज थोडे असले, की एखादा दुर्मीळ आनुवंशिक दोष समाजात पसरू शकतो. आंध्र-तेलंगणातल्या वैश्य समाजाचं उदाहरण डॉक्टरांना ठाऊक असतं: भूल देताना स्नायू सैल करायला वापरलेल्या एका औषधाचा अंमल त्यांच्यातल्या काहींवरून तासन्‌तास उतरत नाही.

दारं बंद का राहिली, हे जनुकं सांगत नाहीत. अर्थशास्त्राचे विद्यार्थी असलेल्या पंचवीस वर्षांच्या आंबेडकरांनी मे १९१६ मध्ये कोलंबिया विद्यापीठात त्याची उकल केली होती. जातीतच लग्न हाच जातीचा गाभा, आणि वरच्यांनी दार लावलं म्हणून खालच्यांनीही अनुकरणाने लावलं, हे त्यांचं म्हणणं. माझ्या मते या विषयावर इतकं नेमकं फार थोड्यांनी लिहिलं आहे.

अनुकरण टिकतं, कारण त्यात पैसाही असतो. मुन्शी आणि रोझेनझ्वाइग या अर्थतज्ज्ञांनी मुंबईतल्या दादरच्या सुमारे ४,९०० मराठी कुटुंबांचा अभ्यास केला. काही जातींतले मुलगे मराठी माध्यमातच राहिले, कारण जातवाल्यांच्या ओळखीने ठरलेली कामगाराची नोकरी त्यांना मिळत होती. मुलींना ती ओळख कधी मिळालीच नव्हती, म्हणून त्या इंग्रजी शाळांत गेल्या आणि पुढे निघाल्या.

लग्नाच्या बायोडेटात मात्र आजही रास, नाड, गोत्र, पोटजात हे रकाने असतात, रक्ताच्या तपासणीचा नसतो. वधू-वरांचे समाज वेगळे असले, की दोन्हीकडून एकच दुर्मीळ दोष मुलात येण्याची शक्यता एका पिढीतच खूप घटते. थॅलेसेमिया या रक्ताच्या आनुवंशिक आजाराचे वाहक मात्र अनेक समाजांत सापडतात. दोघंही वाहक असतील, तर प्रत्येक मुलाला आजार होण्याची शक्यता २५ टक्के, आणि तो गंभीर असेल तर दर दोन-चार आठवड्यांनी, जन्मभर, रक्त चढवावं लागतं. वाहक ओळखायला एचबीए-२ ची एक रक्ततपासणी बहुतेकदा पुरते. ती पत्रिका जुळवण्याआधी करून घ्या.