थकबाकी आणि तहान

पाणीपट्टी थकली म्हणून घराचा नळजोड तोडणें हा नगरपालिकेस वसुलीचा सोपा उपाय वाटतो. परंतु सोपा उपाय न्याय्य असतोच असें नाहीं. बिल एकाच्या नांवें निघतें. तहान मात्र घरांतील तान्ह्या मुलास व आजारी म्हातारीसहि लागते.

आमचे व्यापारी वाचक विचारतील, "पैसे न देणारास माल कोण देतो? एकाची बाकी दुसऱ्याच्या माथीं कां?" बाकी वसूल झालीच पाहिजे, हें आम्हांसहि मान्य आहे. प्रश्न मार्गाचा आहे. १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेचें ६० वें कलम धनकोस ऋणकोचीं जरूर तीं वस्त्रें, स्वयंपाकाचीं भांडीं व कारागिराचीं हत्यारें जप्त करूं देत नाहीं. भांडें राखावयाचें आणि त्यांतील पाणी तेवढें काढून घ्यावयाचें, हा कोठला न्याय?

पाणी तोडल्यावांचून वसुली होत नाहीं, हें म्हणणेंहि अनुभवास उतरत नाहीं. इंग्लंडांत १९९९ च्या कायद्यानें बिल थकल्यावरून घरगुती पाणी तोडण्यास मनाई झाली. तेथील खाजगी पाणीकंपन्या इतर ऋणाप्रमाणेंच न्यायालयामार्फत बाकी वसूल करतात. उलट अमेरिकेंतील डेट्रॉइट शहराचें २०१३ सालीं दिवाळें वाजलें, आणि २०१४ सालीं तेथें हजारों घरांचें पाणी तोडण्यांत आलें. तें थांबविण्यास न्यायाधीशांनींहि नकार दिला. पुढें मार्च २०२० मध्यें कोरोनाची साथ येतांच हात धुण्यास पाणी हवें म्हणून त्याच शहरानें महिना २५ डॉलर आकारून तोडलेले नळ पुन्हां जोडून देण्याची योजना काढली. एका घरचा कोरडा नळ साऱ्या शहरास घातक, हें शहाणपण साथीवांचून सुचावयास हवें होतें.

आपल्याकडे मुंबई उच्च न्यायालयानें डिसेंबर २०१४ मध्यें पाण्याचा हक्क हा संविधानाच्या २१ व्या कलमांतील जीविताच्या हक्काचाच भाग मानला, व अनधिकृत झोपड्यांतील रहिवाशांसहि पाणी सर्वस्वी नाकारतां येणार नाहीं असें ठरविलें. मग ज्याचा दोष केवळ थकबाकीचा, त्याचें घर कोरडें कां ठेवावें?

म्हणून आमची नगरपालिकांस सूचना आहे कीं, थकबाकीदाराचें म्हणणें आधीं ऐकावें. बाकीचे हप्ते बांधून द्यावे. आणि जेथें नळ तोडलाच असेल तेथें पहिला हप्ता भरतांच त्याच दिवशीं तो जोडावा. जोडणावळ प्रत्यक्ष खर्चाहून अधिक नसावी. पुन्हां पाणी देणें म्हणजे चावीवाल्यानें चावी फिरविणें एवढेंच नव्हे. बंद नळींत दाब नसतो, व फुटक्या सांध्यांतून गटाराचें पाणी आंत शिरूं शकतें. यास्तव नळी तपासून द्यावी, पहिलें पाणी वाहूं द्यावें आणि पिण्याचें कांहीं दिवस उकळून घेण्यास घरच्या मंडळींस सांगावें.

नगरपालिकेनें धनको या नात्यानें दार अवश्य ठोठवावें. घरांतली घागर मात्र रिकामी करूं नये.