मातीखालचे शेजारी (भाग ७) : वाळा

गेल्या आठवड्यात मांडूळ झाले. आज त्याच्याहून कितीतरी लहान, पण प्रवासात त्याला हजार कोस मागे टाकणारा साप.

रोवणीच्या दिवसांत बांध्या भरतात, धुऱ्याखालची बिळे पाण्याने तुंबतात आणि न्हाणीच्या मोरीशी किंवा ओल्या पोत्याखाली काळसर, बारीक काहीतरी वळवळताना दिसते. कुणी गांडूळ म्हणून सोडून देतो, कुणी सापाचे पिल्लू म्हणून चप्पल उचलतो. हा वाळा. पिल्लू नव्हे, पुरता वाढलेला साप. लांबी जेमतेम १५ सेंटीमीटर. चंद्रपूर-गडचिरोलीत तो जंगलात आहे तसाच परसातल्या शेणखतातही आहे.

गांडूळ आखडते आणि लांबते. वाळा आखडत नाही, नागमोडी पळतो. अंगावर कड्या नसतात, चकचकीत बारीक खवले असतात. डोळे म्हणजे खवल्याखाली दबलेले दोन ठिपके, उजेड-अंधार कळण्यापुरते. तळहातावर घेतला तर शेपटीचे टोक टोचते. तिथे एक छोटा काटा असतो, माती रेटायला. त्याला लोक नांगी समजतात. विष नाही आणि तोंड एवढे लहान की माणसाला चावणे त्याच्या आवाक्याबाहेरचे. झोपलेल्याच्या कानात शिरतो म्हणून त्याची धास्ती घेणारेही आहेत. पण त्याला हवी असतात मुंग्यांची आणि उधईची अंडी-अळ्या. कानात त्याचे काय काम?

उधई मात्र तो अशी खातो की पाहणारा चाट पडावा. जपानी संशोधकांनी 2015 मध्ये नोंदवले की तो उधई तोंडात धरून जमिनीवर घासतो, तिचे डोके तोडतो आणि उरलेले धड गिळतो. डोके पचत नाही. गिळलेच तर जसेच्या तसे बाहेर पडते.

विज्ञानाच्या वहीत तो आपल्या शेजारातूनच गेला. ज्यांच्या नावाने इंग्रजीत घोणस ओळखली जाते ते डॉ. पॅट्रिक रसेल ईस्ट इंडिया कंपनीचे निसर्गतज्ज्ञ होते. त्यांच्या 1796 च्या ग्रंथात विशाखापट्टणमचा हा साप ‘दोन डोक्यांचा’ अशा अर्थाच्या तेलुगू नावाने आला. सिरोंच्यात ते नाव आजही कुणाला समजावून सांगावे लागणार नाही. पुढे 1803 मध्ये फ्रेंच प्राणिशास्त्रज्ञ दोदँ यांनी त्याला शास्त्रीय नाव दिले.

आता खरी गंमत. या जातीत सगळ्या माद्याच. नर खात्रीने कुणाला सापडलेला नाही. बहुतेक प्राण्यांत गुणसूत्रांचे दोन संच असतात, हिच्यात तीन, एकूण 42. मादी नराशिवाय भाताच्या दाण्याएवढी मोजकी अंडी घालते आणि त्यांतून तिच्याच प्रती बाहेर येतात. सापांच्या हजारो जातींत कायमच असे जगणारी ही एकच ज्ञात जात. म्हणजे नव्या मुलखात वस्ती करायला जोडी लागत नाही. कुंडीच्या मातीत एक मादी पुरते. रोपांच्या व्यापाराबरोबर ती अशीच बोटींवर चढली. हवाईला ती 1930 च्या सुमारास फिलिपिन्सहून आलेल्या झाडांबरोबर पोचली असे मानतात. फ्लोरिडा, मेक्सिको, सेशेल्स, सगळीकडे तीच. हिंदी महासागरातल्या ख्रिसमस बेटाचा स्वतःचा एक दुर्मीळ आंधळा साप आहे, जगात दुसरीकडे कुठेच न सापडणारा. तिथेही या पाहुणीने बिऱ्हाड थाटले. बेटांवर इतकी रुळली की तिला बेटांचीच समजावे. मूळ घर मात्र दक्षिण आशियात असावे, कारण जवळचे भाऊबंद इथेच आहेत.

मोरीत सापडलेला वाळा कागदावर घेऊन परसातल्या ओल्या मातीत सोडला की झाले. पण आधी नीट पाहा. अंग एकरंगी असेल तरच. काळ्या, चकचकीत अंगावर पांढरे बारीक आडवे पट्टे दिसले, तर ते मण्यारीचे पिल्लू असू शकते. त्याला हात लावायचा नाही. मण्यारीचा दंश बरेचदा दुखतही नाही, म्हणून शंका आली तरी थेट रुग्णालय गाठायचे, मांत्रिकाकडे वेळ घालवायचा नाही. रात्री अंथरुणात शिरणाऱ्या या मण्यारीविषयी पुढच्या भागात.