अर्ध्या वाटेवरचा हुकूम
न्यायाच्या पायऱ्या : लेखांक ९

अक्कलकुवा तालुक्यातलं मणिबेली सरदार सरोवराच्या पाण्यात जाण्याच्या कितीतरी आधी त्या बुडिताची गोष्ट दिल्लीत कज्ज्याचा विषय झाली होती. ६ ऑक्टोबर १९६९ रोजी केंद्राने नर्मदा जलविवाद लवाद नेमला. वाद पाण्याच्या वाटपाचा. पण गाडं अडलं ते त्याच्याही आधीच. लवादाला हे प्रकरण ऐकण्याचा अधिकार तरी आहे का?

२३ फेब्रुवारी १९७२ रोजी लवादाने या प्राथमिक मुद्द्यांवर निर्णय दिला. राजस्थानचा कोणताही भाग नर्मदेच्या खोऱ्यात येत नाही, म्हणून त्या राज्याची तक्रार लवादाकडे धाडणारी केंद्राची अधिसूचना त्याने बेकायदा ठरवली. गुजरातचा वाद मात्र ऐकता येईल, असं सांगितलं. शिवाय नवागामच्या (म्हणजेच सरदार सरोवराच्या) धरणाने महाराष्ट्र आणि मध्य प्रदेशाची जमीन बुडणार असेल, तर तोही पाणीतंटाच. आजच्या नंदुरबारच्या (तेव्हाच्या धुळे जिल्ह्याच्या) डोंगरी गावांसाठी हे वाक्य मोलाचं होतं.

मध्य प्रदेश आणि राजस्थान सर्वोच्च न्यायालयात गेले. मूळ वाद अजून उभाही राहिला नव्हता. मग वरच्या न्यायालयाने आताच हात घालावा का? इथे घालणं रास्त होतं. अधिकारच नसलेल्या लवादाने वर्षानुवर्षं पुरावे ऐकावेत आणि शेवटी सगळं रद्द व्हावं, यात कुणाचंच भलं नाही. न्यायालयाने सुनावणी थांबवली, पण सरसकट नाही. कागदपत्रं उघड करणं, तपासणं आणि अशी किरकोळ कामं चालू ठेवली आणि त्यांत राजस्थानलाही भाग घेऊ दिला. स्थगिती द्यायचीच तर ती अशी बेताची असावी.

अपिलांवर निकाल मात्र लागलाच नाही. १२ जुलै १९७४ रोजी राज्यांनी आपसात समझोता केला, अपिलं मागे घेतली गेली. नर्मदेचं २८० लाख एकर-फूट पाणी धरून महाराष्ट्राला अडीच लाख आणि राजस्थानला पाच लाख एकर-फूट ठरलं. उरलेल्याची वाटणी आणि धरणाची उंची लवादावर सोडली. त्याचा अंतिम निवाडा डिसेंबर १९७९चा. अक्कलकुवा-अक्राणीतली ३३ गावं बुडितात येणार होती. या कज्ज्यात पक्षकार मात्र फक्त सरकारं!

कावेरीत उलटं घडलं. अंतरिम दिलासा देण्याचा अधिकारच आपल्याला नाही, असं तिथल्या लवादाने जानेवारी १९९१मध्ये म्हटलं. २६ एप्रिलला सर्वोच्च न्यायालयाने ते खोडून काढलं, आणि २५ जूनला लवादाने तमिळनाडूसाठी वर्षाला २०५ टीएमसी पाण्याचा अंतरिम आदेश दिला. हातातला अधिकार खालचं न्यायपीठ वापरत नसेल, तर त्याला तो वापरायला लावणं हेही वरच्याचंच काम.

बाकी बहुतेक वेळा मात्र वरच्याने हात आखडलेलाच बरा. नंदुरबारच्या आदिवासीची जमीन परत करण्याचं प्रकरण महसूल न्यायाधिकरणातून उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठापुढे जातं, ते संविधानाच्या अनुच्छेद २२६ किंवा २२७ खाली. २२७ म्हणजे देखरेख. दुसरं अपील नव्हे. महाराष्ट्रातूनच गेलेल्या शालिनी शेट्टी खटल्यात २०१० साली सर्वोच्च न्यायालयाने हे बजावलं. कामगारांच्या बाबतीत न्या. चिन्नप्पा रेड्डी यांनी १९८३ सालीच ठणकावलं होतं : प्राथमिक मुद्द्यांवरून न्यायाधिकरणाचं काम अडवू नका, त्यात गरीब पक्षच खचतो. जमीन ज्याच्या ताब्यात आहे त्याला प्रत्येक तारीख म्हणजे आणखी एक हंगाम.

सहा महिन्यांनी स्थगिती आपोआप उठते, असं सर्वोच्च न्यायालयाच्या २०१८च्या एका निकालाने ठरवलं होतं. २९ फेब्रुवारी २०२४ रोजी त्याच न्यायालयाच्या घटनापीठाने तो निकाल रद्द केला. त्यामुळे स्थगितीने ज्याचं काम अडलं आहे, त्याने वाट पाहत बसू नये. ती उठवण्यासाठी अर्ज करावा.