कोर्टाला दिलेली हमी मोडली तर? दुकानदाराने समजून घ्यायचा 'अवमान'



कोर्टाचा अवमान म्हटलं की वाटतं, कुणीतरी न्यायाधीशांबद्दल वाईट बोललं असणार. पण आपल्या धंदेवाल्यांचा संबंध येतो तो दिवाणी अवमानाशी. न्यायालय अवमान कायदा, १९७१ नुसार कोर्टाचा आदेश जाणूनबुजून न पाळणं किंवा कोर्टाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडणं म्हणजे दिवाणी अवमान. शिक्षा सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, २,००० रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही.

"दंड दोनच हजार ना, भरून टाकू," असं म्हणत असाल तर मुंबईचं हे प्रकरण बघा.

एरिक्सन कंपनीचे पैसे अनिल अंबानींच्या रिलायन्स कम्युनिकेशन्सकडे थकले होते. तडजोडीत ५५० कोटी ठरले, मुदत ३० सप्टेंबर २०१८. ती चुकली. सुप्रीम कोर्टाने १५ डिसेंबरपर्यंत वाढवून दिली, तीही चुकली. कंपनीचं म्हणणं होतं की स्पेक्ट्रम विकून पैसे येणार होते, तो व्यवहारच झाला नाही. २० फेब्रुवारी २०१९ रोजी कोर्टाने अंबानी आणि दोन संबंधित कंपन्यांचे अध्यक्ष यांना दोषी ठरवलं. बिनशर्त माफीही चालली नाही. चार आठवड्यांत ४५३ कोटी भरा, नाहीतर तीन महिने तुरुंग! मुदतीच्या आदल्या दिवशी पैसे भरले गेले.

आता नीट लक्ष द्या. नुसती उधारी थकली तर तो अवमान नाही. पैशाचा हुकूमनामा झाला, तरी वसुली सहसा दरखास्तीने होते. पण "अमुक तारखेला देतो" अशी हमी कोर्टाला दिली आणि ऐपत असून पाळली नाही, की गोष्ट बदलते.

आपल्या लेव्हलला काय होतं? समजा आंबवड्यात गाळ्याचा वाद आहे आणि तालुक्याच्या कोर्टाने बांधकामाला मनाई केली. तरी रात्रीत भिंत उभी केली, तर दिवाणी प्रक्रिया संहितेप्रमाणे मालमत्तेची जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते.

म्हणून हे पाच नियम वहीत लिहून ठेवा:

१. आदेशाची प्रमाणित प्रत घ्या, वकिलांकडून मराठीत समजून घ्या, तारखा कॅलेंडरवर मांडा.

२. हातात नसलेल्या पैशावर हमी देऊ नका. 'माल विकला की देईन' हा अंदाज झाला.

३. अपील केलं म्हणजे स्थगिती मिळाली असं नाही. स्थगितीचा वेगळा आदेश लागतो. तो येईपर्यंत मूळ आदेश पाळायचाच.

४. जमत नसेल तर मुदत संपायच्या आधी कोर्टात अर्ज करा. नंतरच्या सबबींना वजन नसतं.

५. आदेश पाळल्याचा पुरावा ठेवा. पावती, बँकेची नोंद, तारखेसह फोटो.

आणि समोरच्याने आदेश मोडला असेल तर गप्प बसू नका. अवमानाच्या कारवाईला एक वर्षाची मुदत आहे. कागद घेऊन लगेच वकिलांना भेटा.

बाजारात दिलेला शब्द मोडला तर गिऱ्हाईक जातं. कोर्टात दिलेला मोडला तर शटर बंद ठेवून आत जायची वेळ येते.