पेन आहे का?

एअरपोर्टवर अनोळखी माणसाशी बोलायचं एकेकाळी हमखास निमित्त होतं... पेन! परदेशी निघालेल्या प्रत्येकाला इमिग्रेशनआधी एक कार्ड भरावं लागायचं. नाव, पासपोर्ट नंबर, पत्ता वगैरे. मग एकाचं पेन दहा जणांत फिरायचं. आखातात निघालेला एखादा गवंडी तर चक्क पासपोर्टच हातात ठेवायचा, 'भर दो ना!' जो पासपोर्ट आपण कपाटात कुलपात ठेवतो, तो! दोन मिनिटांत त्याचं गाव, वय, सगळं तुम्हाला ठाऊक. 1 जुलै 2017 पासून भारतातून निघताना भरायचं हे कार्ड बंद झालं. रांग भराभर सरते, छानच आहे. पण ते पेनही गेलं आणि त्या गप्पाही.

आता आत सगळे मोबाइलमध्ये. माणसं बघायची असतील, तर मुंबईच्या टी-टूला मध्यरात्री जा आणि गेटबाहेरच थांबा. युरोप-आखाताची बरीच विमानं तेव्हाच सुटतात. तिकीट नसेल तर सीआयएसएफचे जवान आत सोडत नाहीत. त्यामुळे रडणं, हसणं, पाया पडणं, सगळं फुटपाथवर!

गेल्या महिन्यात मैत्रिणीला सोडायला गेले होते. शेजारी एक काकू लेकीची बॅग उघडून बसलेल्या. मर्यादा 23 किलोची, हातातला वजनकाटा म्हणतोय 24. मेतकूट राहिलं, चिवडा राहिला, जीन्स बाहेर! (आयांचा हिशेब ठरलेला असतो.) तेवढ्यात बाजूचा एक उंच मुलगा म्हणाला, "काकू, खोबऱ्याच्या वाट्या चेक-इनला चालत नाहीत. तेल असतं ना, पेट घेतात."

काकूंचा चेहरा पडला. वाट्या निघाल्या, जीन्स परत आत गेली. लेक पाया पडली आणि गेटमधून दिसेनाशी झाली.

"तुम्ही इथलेच ना? मग न्या घरी," म्हणत काकूंनी पिशवी त्या मुलाला दिली. त्याचा भाऊ केव्हाच आत गेला होता, तरी तो थांबला. काकूंची उंची कमी, काचेपुढे ही गर्दी. हाच टाचा उंचावून कॉमेंट्री करत होता. "ट्रॉली वळली... आता रांगेत आहे... मागे बघतेय, हात करा!"

काकूंनी हात केला.

"दिसतेय का अजून?"

"दिसतेय की."

मी त्याच्या बाजूलाच होते. काचेपलीकडे एव्हाना दुसरंच एक कुटुंब उभं होतं.